चकवा लागत नाही, दिशा सुटते

"मोहाचे टोपले डोक्यावर घेतले अन् निघाली. चालून चालून पाहाते तं काय, पुन्हा त्याच मोहाखाली! चकवा लागला होता बाप्पा मले."

ही गोष्ट कोणा एका आजीची नाही. चंद्रपूर-गडचिरोलीच्या पट्ट्यात ज्या घरातली माणसे मोहासाठी, तेंदूपत्त्यासाठी, सरपणासाठी जंगलात गेली, त्या जवळजवळ प्रत्येक घरात ती कधी ना कधी सांगितली गेली आहे. शेजारच्या छत्तीसगडात याचे खापर भूलन कांदा नावाच्या वनस्पतीवर फोडतात. तिच्यावर पाय पडला की माणूस वाट विसरतो म्हणे. आपल्याकडे झाड नाही, भूत आहे. त्याचे नाव चकवा.

वाचक बंधू-भगिनींनो, भुताखेतांना आपण केव्हाच निरोप दिला आहे. पण म्हणून आजीला खोटे ठरवू नका. फिरून त्याच झाडाखाली येणे अगदी खरे असते. खोटा आहे तो फक्त चकवा.

जर्मनीतील ट्युबिंगेन येथील माक्स प्लांक संस्थेच्या संशोधकांनी 2009 साली या गोष्टीचा छडा लावला. त्यांनी काही लोकांना घनदाट, सपाट जंगलात सोडले आणि सांगितले, तासन् तास नाकासमोर सरळ चालत राहा. प्रत्येकाच्या अंगावर उपग्रहावरून जागा टिपणारे यंत्र होते. ज्या दिवशी ऊन होते, त्या दिवशी लोक बऱ्यापैकी सरळ गेले. ज्या दिवशी आभाळ भरलेले होते, त्या दिवशी चालणारे चारही जण गोल गोल फिरले. त्यांतल्या तिघांनी आपलीच वाट पुन्हा पुन्हा ओलांडली आणि त्यांना त्याचा पत्ताही लागला नाही! डोळ्यांवर पट्टी बांधून चालणाऱ्यांची वर्तुळे तर केवळ 20 मीटर रुंदीइतकी लहान निघाली. एक पाय आखूड असतो म्हणून माणूस एका बाजूला वळतो, हा जुना समजही टिकला नाही, कारण तोच माणूस कधी डावीकडे वळे, कधी उजवीकडे. दूरची एखादी खूण डोळ्यांसमोर नसली की माणसाच्या अंगातली "सरळ" ही जाणीवच हळूहळू ढळत जाते, एवढाच त्याचा अर्थ.

आता मोह वेचणारी बाई डोळ्यांसमोर आणा. पहाटेचा अंधूक उजेड. मान खाली, कंबर वाकलेली, झाडाभोवती फिरत फिरत वेचणे चाललेले. तासाभराने ती ताठ उभी राहते तेव्हा चारी बाजूंना सारखेच साग, सारखेच ऐन, सारखाच पाचोळा. ती कोणत्या बाजूने आली हे सांगणारी एकही खूण नाही. चकव्याला आणखी काय हवे?

आणि आपल्या जंगलात वाट चुकणे ही हसण्यावारी नेण्याची गोष्ट राहिलेली नाही. ऊर्जानगर-दुर्गापूर परिसरातच फेब्रुवारी 2022 मध्ये लागोपाठच्या दिवसांत वाघ-बिबट्याच्या हल्ल्यांत दोन जीव गेले. 10 मे 2025 रोजी सिंदेवाही तालुक्यात तेंदूपत्ता तोडायला गेलेल्या तीन बायका एकाच दिवशी वाघाच्या हल्ल्यात ठार झाल्या. हातात होकायंत्र आहे म्हणून वाघ दूर राहत नाही, हे उघड आहे. परंतु वाट चुकलेला माणूस जंगलात दोन-चार तास जास्त राहतो, एकटा राहतो, आणि बहुधा दिवेलागणीला राहतो. शिवाय त्याला शोधायला आणखी दहा जण अंधारात शिरतात. तेवढा धोका तरी आपल्या हातात आहे.

घर सोडण्यापूर्वी

पुस्तकात नकाशा-होकायंत्राचा धडा सुईपासून सुरू होतो. आपण घरापासून सुरू करू. ऊर्जानगरच्या ईशान्येला जे जंगल आहे, त्याच्या दोन कडांना दोन रस्ते आहेत. एक दुर्गापूर, पद्मापूरवरून मोहर्लीला, म्हणजे उत्तरेकडे जाणारा. दुसरा चंद्रपूरहून लोहाऱ्यावरून मूलला, म्हणजे पूर्वेकडे जाणारा. उघडलेल्या कात्रीच्या दोन पात्यांसारखे हे रस्ते आहेत आणि जंगल मधल्या फटीत. एवढे चित्र मनात पक्के असले, तर या फटीत वाट चुकलेल्या माणसाला दोन गोष्टी ठाऊक असतात. पश्चिमेला चालत राहिले की मोहर्लीचा रस्ता आडवा येणार. दक्षिणेला चालत राहिले की मूलचा. नेमके कुठे निघू हे कळत नसेल, पण आडव्या रस्त्याला चुकवून पलीकडे जाता येत नाही. जंगलात शिरण्याआधी आपली "आडवी खूण" कोणती आणि ती कोणत्या दिशेला, एवढे घरातल्या प्रत्येकाला, मुलांनासुद्धा, तोंडपाठ असावे. होकायंत्र नसले तरी एवढ्यावर अर्धे काम होते.

दुसरी मोठी खूण म्हणजे महाऔष्णिक केंद्राच्या चिमण्या. 1983 साली पहिला संच सुरू झाला तेव्हापासून या भागातल्या माणसांनी त्यांच्याकडे पाहूनच दिशा धरली आहे. मोकळ्या माळावरून, टेकडीच्या माथ्यावरून त्या मैलोगणती दूर दिसतात. खोली भाड्याने शोधणारा नवा कामगारसुद्धा "चिमणीच्या अल्याड की पल्याड?" असे विचारतो. पण डोक्यावर पानांचे छत आले की चिमणी गेली. थंडीतल्या सकाळी धुके आणि धूर एकत्र झाले की शंभर पावलांवरचेही दिसत नाही. अशा वेळी सुई लागते.

सुई काय सांगते, काय सांगत नाही

होकायंत्राची सुई फक्त उत्तर दाखवते. घर कुठे आहे ते तिला माहीत नसते. घराची दिशा आपल्याला निघतानाच टिपून ठेवावी लागते. तबकडीवर 360 अंशांच्या खुणा असतात. उत्तर म्हणजे 0, पूर्व 90, दक्षिण 180, पश्चिम 270. समजा, मोहर्ली रस्ता सोडून तुम्ही 110 अंशांवर आत शिरलात. परतताना त्यात 180 मिळवायचे, म्हणजे 290. आकडा 180 पेक्षा मोठा असेल तर 180 वजा करायचे. चौथीतल्या मुलाला जमेल असे हे गणित आहे. म्हणूनच ते मुलाकडून करवून घ्यावे आणि विडीच्या पाकिटावर का होईना, लिहून ठेवावे.

चालताना मात्र सुईकडे बघत चालू नये. यंत्र छातीशी आडवे, सपाट धरावे. 290 अंशांच्या रेषेवर समोर जे ठळक झाड वा दगड दिसेल ते हेरावे आणि त्याच्यापर्यंत चालत जावे. तिथे पोचल्यावर पुन्हा यंत्र काढून पुढचे झाड हेरावे. प्रत्येक झाड म्हणजे आपण उभी केलेली चिमणीच. जर्मनीतल्या त्या चार जणांकडे नव्हती ती वस्तू हीच.

रोखात 5 अंशांची चूक झाली तर एका किलोमीटरवर सुमारे 87 मीटर बाजूला निघतो. ही चूक सर्वांचीच होते, म्हणून जुने जाणते एक युक्ती करतात. रस्त्यावर ज्या ठिकाणी सायकल ठेवली आहे, त्याच्या थेट रोखाने न येता मुद्दाम थोडे उजवीकडे रोख धरून येतात. मग रस्ता लागला आणि सायकल दिसली नाही तर ती डावीकडेच आहे, यात शंका राहत नाही. थेट रोखाने आलात तर डावीकडे शोधू की उजवीकडे, याच विचारात संध्याकाळ.

सुई फसते कशाने? लोखंडाने. कमरेला खोचलेला विळा, खांद्यावरची कुऱ्हाड, सायकल, मोबाइलमधले चुंबक, सारे तिला ओढतात. यंत्र पाहताना विळा-कुऱ्हाड चार पावले लांब ठेवावी. गाडीपासून आणि विजेच्या मनोऱ्यापासून तर चांगलेच दूर व्हावे. गडचिरोलीत एटापल्ली तालुक्यातील सुरजागडसारख्या लोहखनिजाच्या टेकड्यांवर सुईवर आंधळा विश्वास टाकू नये.

आपल्या भागातली एक खास गोष्ट केंद्रात काम करणाऱ्या बांधवांना चटकन उमगेल. बहुतेक वाहिन्यांतला प्रवाह एसी असतो, म्हणजे सेकंदाला 50 आवर्तने. सुईला तो एकदा इकडे, एकदा तिकडे ढकलतो आणि ती जागची हलत नाही. पण चंद्रपूरहून मुंबईजवळच्या पडघ्यापर्यंत 752 किलोमीटर गेलेली, 1999 पासून चालू असलेली वाहिनी डीसी आहे. तिच्यातला प्रवाह एकाच दिशेने वाहतो, म्हणून तिच्याखाली सुई काही अंश सरकू शकते. चार तारांखाली आणि शंभर मीटर बाजूला होऊन असा दोनदा रोख घेऊन पाहा. स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेले पक्के बसते.

एका बाबतीत मात्र आपण भाग्यवान आहोत. पृथ्वीची चुंबकीय उत्तर आणि नकाशावरची खरी उत्तर यांत जगात कित्येक ठिकाणी दहा-वीस अंशांचा फरक असतो व तो सतत मिळवावा-वजा करावा लागतो. चंद्रपुरात हा फरक एक अंशाच्या आतबाहेर आहे. पायी चालणाऱ्याने तो खुशाल विसरावा.

वीस अंशांची रेषा

भारतीय सर्वेक्षण विभागाचा 1:50,000 प्रमाणाचा नकाशा पायी चालणाऱ्याच्या कामाचा. त्यावरचे 2 सेंटिमीटर म्हणजे जमिनीवरचा 1 किलोमीटर. नाले, तळी, पायवाटा, देवळे, विहिरी, टेकड्यांच्या उंचीच्या रेषा, सारे त्यावर असते. पूर्वी असा नकाशा मिळवणे म्हणजे अर्ज आणि हेलपाटे. 2005 च्या राष्ट्रीय नकाशा धोरणानंतर सर्वसामान्यांसाठी वेगळी मालिका निघाली आणि आता विभागाच्या संकेतस्थळावरून ती उतरवून घेता येते.

मजा अशी की ऊर्जानगरवाल्यांना एक नकाशा पुरत नाही. 20 अंश उत्तर अक्षांशाची रेषा महाऔष्णिक केंद्राच्या अगदी जवळून जाते, आणि जुन्या मालिकेतले नकाशे नेमके त्याच रेषेवर कापलेले आहेत. चंद्रपूर शहर 56 एम/5 या पत्रकावर येते, तर उत्तरेकडचा मुलूख 55 पी/8 वर. दोन्ही शेजारी ठेवून चिकटवावे लागतात. ज्याने एकच आणला, त्याच्या नकाशात जंगल तरी नाही किंवा घर तरी नाही!

या रेषेचा आणखी एक परिणाम आहे. दुपारी सावली उत्तरेकडे पडते, हे शाळेत शिकवलेले आपल्याकडे वर्षभर खरे नसते. 20-21 मेच्या सुमारास दुपारी सव्वाबाराच्या आसपास सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि सरळ उभ्या काठीची सावली नाहीशी होते. त्यानंतर जुलैच्या तिसऱ्या-चौथ्या आठवड्यापर्यंत दुपारची सावली चक्क दक्षिणेला पडते. जूनमध्ये दुपारच्या सावलीवर भरवसा ठेवून कोणी "उत्तरेला" निघाला तर तो नेमका उलटा जाईल. या दिवसांत सकाळी वा दुपार कलल्यावर काठी रोवावी. सावलीच्या टोकाला खडा ठेवावा, वीस मिनिटांनी नव्या टोकाला दुसरा ठेवावा. पहिला खडा पश्चिमेचा, दुसरा पूर्वेचा. थोडा फरक राहतो, पण आडव्या खुणेपर्यंत पोचायला तो चालतो.

नकाशा आणि होकायंत्र एकत्र कसे वापरावे, याचे एकच उदाहरण देतो. समजा, तुम्ही मूल रस्त्यावर आहात, पण नेमके कुठे ते कळत नाही. मोकळ्यावरून चिमणी दिसते आहे आणि यंत्राने तिचा रोख 300 अंश येतो. त्यातून 180 वजा केले, 120 उरले. नकाशावर केंद्रापासून 120 अंशांवर रेघ ओढा. ती मूल रस्त्याला जिथे छेदते, तिथे तुम्ही उभे आहात. हे प्रथम जमते तेव्हा जो आनंद होतो तो सांगून कळायचा नाही.

हे नकाशे झाले कसे, याचा एक धागा आपल्या दारावरून गेलेला आहे. 1802 साली मद्रासहून विल्यम लॅम्बटन याने साऱ्या देशाची त्रिकोणमितीने मोजणी सुरू केली. तो मोजत मोजत वीस वर्षांत विदर्भापर्यंत आला आणि 20 जानेवारी 1823 रोजी वर्धा जिल्ह्यातील हिंगणघाट येथे वारला. त्याची कबर तिथेच आहे. त्याचे कोन मोजण्याचे यंत्र अर्ध्या टनाचे होते. ते डोंगर-देवळांवर चढवले खलाशांनी. लॅम्बटनचे नाव पुस्तकात आहे. ज्यांच्या खांद्यावरून यंत्र गेले, त्यांची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत.

पुढे नैनसिंग रावत या कुमाऊंच्या डोंगरातल्या शाळामास्तराने तर पावलांनी तिबेट मोजला. इंग्रजांना तिबेटात प्रवेश नव्हता, म्हणून त्याला यात्रेकरूच्या वेशात पाठवले. हातात बौद्ध भिक्खूंसारखी माळ, पण मणी 108 ऐवजी 100. पाऊल नेहमी सारख्याच मापाचे पडेल असा सराव त्याने केला होता. शंभर पावले झाली की एक मणी सरकवायचा. प्रार्थनाचक्रात मंत्राच्या जागी मोजणीचे कागद. अशा रीतीने तो जानेवारी 1866 मध्ये ल्हासाला पोचला. 1877 साली लंडनच्या रॉयल जिओग्राफिकल सोसायटीने त्याला सुवर्णपदक दिले. श्रद्धेच्या वस्तू हेरगिरीला वापराव्यात की नाही, हा वेगळा प्रश्न आहे. माळ ओढून पुण्य मिळते असे आपण मानत नाही. पण माळ ओढून नकाशा झाला, हे मात्र खरे.

त्याची युक्ती आपल्याला आजही उपयोगी आहे. वसाहतीच्या रस्त्यावर टेपने 100 मीटर मोजून घ्या आणि डावे पाऊल किती वेळा पडते ते मोजा. कोणाचे 60 येईल, कोणाचे 70. डोक्यावर ओझे असताना वेगळे येईल, तेही मोजा. मग जंगलात दर शंभर मीटरला एक मोहटोळ किंवा खडा एका खिशातून दुसऱ्या खिशात टाकला की किती आत आलो याचा हिशेब राहतो. दिशा सुईने कळते, अंतर पावलांनी. दोन्ही मिळून जागा कळते.

चुकलोच तर

प्रथम थांबा. "चकवा लागला तर बसून घ्यावे" असे काही जुनी माणसे सांगत. कारण चुकीचे, पण उपाय बरोबर! घाबरलेला माणूस भरभर चालतो आणि भरभर चालणारा आणखी चुकतो. थांबा, पाणी प्या, एकमेकांना हाका मारा, शिट्टी असेल तर तीन-तीनदा वाजवा. नंतर आडव्या खुणेची दिशा आठवा.

पुस्तकांत हमखास एक सल्ला असतो: नाला धरून खाली उतरत जा, गाव लागेल. आपले नाले इरईला, अंधारीला जाऊन मिळतात, तेव्हा तत्त्व बरोबर आहे. पण उन्हाळ्यात वाघ गारव्याला, पाण्याला नाल्यातच बसतो. परदेशी जंगलासाठी लिहिलेला हा सल्ला आपल्याकडे डोळे मिटून पाळू नये. नाल्याच्या पात्रात उतरू नका. काठापासून दूर, मोकळ्यातून, आवाज करत चला. वनखात्याची जाळरेषा लागली तर उत्तम; ती सरळ असते आणि रस्त्याला मिळते.

मोबाइलमध्ये होकायंत्र असते, जागाही कळते. उपग्रहाचा संकेत टॉवर नसला तरी मिळतो. मिळत नाही तो नकाशा, जो आधी उतरवून ठेवलेला नसतो. बॅटरी संपली की दोन्ही गेले. म्हणून मोबाइल जरूर न्यावा, पण त्याच्या एकट्याच्या जिवावर जाऊ नये.

मदत मागायची तर जागा सांगता आली पाहिजे. वनखात्याने जंगलाचे कक्ष पाडलेले आहेत आणि त्यांचे क्रमांक हद्दीवरच्या खांबांवर, झाडांवर रंगवलेले असतात. तो आकडा दिसला की लक्षात ठेवा. वनविभागाच्या 1926 किंवा आणीबाणीच्या 112 या क्रमांकावर "मोठ्या मोहाजवळ आहोत" असे सांगून कोणी पोचू शकत नाही. कक्ष क्रमांक सांगितला तर वनरक्षक पोचतो. हाच आकडा वनहक्काच्या दाव्यातही लागतो. गडचिरोलीतील मेंढा (लेखा) या गावाला 2009 साली सुमारे 1,800 हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. हद्द नकाशावर दाखवता येणे हे अशा प्रत्येक दाव्यात कामाचे असते. ज्याला नकाशा वाचता येतो, त्याला कोणी तुझी हद्द इथवरच म्हणून फसवू शकत नाही.

अंधार पडलाच तर चालणे बंद. ध्रुवतारा दिसतो, चंद्रपूरहून तो क्षितिजापासून सुमारे 20 अंश वर, म्हणजे हात लांब करून एकावर एक ठेवलेल्या दोन मुठींइतका. पण रात्री तो पाहायचा तो सकाळी कुठे जायचे ते ठरवण्यासाठी, तडक निघण्यासाठी नव्हे. सर्वांनी एकत्र, मोकळ्या जागी, पाण्यापासून लांब बसावे आणि बोलत राहावे.

येत्या रविवारी मुलांसाठी एक प्रयोग. शिवणाची सुई घ्या. जुन्या स्पीकरमधल्या चुंबकावर ती एकाच दिशेने तीस-चाळीस वेळा घासा, पुढे-मागे नाही. थर्मोकोलच्या लहान तुकड्यावर ठेवून प्लास्टिकच्या वाटीतल्या पाण्यात सोडा. ती हळूच वळेल आणि स्थिर होईल. खिडकीतून चिमणी दिसत असेल तर सुईवरून तिची दिशा काढा. मग वाटीजवळ विळा आणा, आणि काय होते ते मुलांनाच सांगू द्या.